हक्क विकू नका, लुईझाबाई

साल 1868, आषाढ वद्यातली संध्याकाळ. तुम्ही युसूफ वडगावच्या शिवारात उभे आहात आणि ओळखीची खूण शोधताय. केजकडे जाणारा डांबरी रस्ता नाही, विजेचे खांब नाहीत, उसाचे फड नाहीत. धनेगावला मांजरा अजून कुणी अडवलेली नाही. धरणाला शंभरावर वर्षं अवकाश आहे. मुलूख निजामाचा, लोकांच्या तोंडी मोगलाई. खिशातल्या नोटेला इथे कुणी विचारणार नाही, हाली शिक्का लागेल. पत्र टाकायचं म्हणाल तर निजामाचं पहिलं टपाल तिकीट पुढच्या साली निघायचंय. आणि महिनाभर थांबलात तर आणखी एक गंमत बघाल. ऐन पोळ्याच्या दिवशी, 18 ऑगस्टला, सकाळीच सूर्याला ग्रहण लागणार आहे. खाली विजापूर-गुंटूरच्या पट्ट्यात ते खग्रास असेल आणि दुर्बिणी लावून बसलेल्या साहेबांना सूर्याच्या प्रकाशात एक अनोळखी पिवळी रेघ दिसेल. हेलियमची ती पहिली चाहूल. पण आज आपल्याला ग्रहणाशी कर्तव्य नाही.

एका माळवदाच्या वाड्यात ढाळजेत दोघं बसलेत. तुम्ही दाराशी टेकता. बोलणं कापसाचं चाललंय.

“तीन-चार सालं नुसतं सोनं पिकलं होतं पाटील. आता कोणी पुसंना.”

“लढाई मिटली ना तिकडची.”

तिकडची म्हणजे कुठली, हे दोघांनाही नीट सांगता येत नाही. तुम्हाला येतं. 1861 ला अमेरिकेत यादवी पेटली, उत्तरेच्या आरमाराने दक्षिणेची बंदरं कोंडली आणि गुलामांच्या घामावर पिकणारा कापूस तिथेच अडकला. लँकेशायरच्या गिरण्या मग हिंदुस्थानच्या कापसावर तुटून पडल्या. मुंबईत भाव कित्येक पटींनी चढले. बालाघाटावरून बैलगाड्या बार्शीच्या पेठेकडे उतरू लागल्या, पुढचा प्रवास आगगाडीने. सोलापूरपर्यंत रूळ 1860 ला आलेच होते. 1865 मध्ये युद्ध संपलं, भाव कोसळले, आणि ‘बॅक बे’च्या शेअरांवर इमले बांधणारी मुंबईची सावकारमंडळी एकामागून एक बुडाली. ढाळजेतली ही दोघं त्याच लाटेच्या ओसरत्या पाण्यात उभी आहेत.

तुमच्या पिशवीत शांताबाई शेळक्यांनी मराठीत आणलेली ‘चौघीजणी’ आहे. तिच्यातल्या मेग, ज्यो, बेथ आणि ॲमीचे वडील ज्या लढाईवर गेलेत, ती हीच. नाताळ भेटींविना जाणार म्हणून त्या चार मुली विस्तवाभोवती कुरकुरतात आणि त्याच काळात बालाघाटावर कापसाची गाडी चढ्या भावाने खाली होते. ही कादंबरी बहिणींच्या प्रेमाची म्हणून आपल्याकडे वाचली जाते, भेट म्हणून दिली जाते. मला ती पहिल्यापासून पैशाची कादंबरी वाटत आलीय. चला, जिने लिहिली तिच्याकडेच जाऊ.

इथे दिवेलागण झाली की तिथे सकाळ उजाडलेली असते. मॅसॅच्युसेट्समधलं काँकर्ड. सफरचंदाच्या बागेतलं तपकिरी रंगाचं लाकडी घर, नाव ऑर्चर्ड हाउस. जिना चढा. दोन खिडक्यांच्या मध्ये भिंतीलाच ठोकलेली अर्धचंद्राकृती फळी आहे, वडिलांनी बनवून दिलेली. तिच्यावर वाकून पस्तिशीची एक बाई लिहितेय. लुईझा मे अल्कॉट. मान वर करत नाही. उजव्या हाताचा अंगठा दुखून बधिर झाला की लेखणी डाव्या हातात घेते. ती कला तिने मुद्दाम शिकून घेतलीय. मे महिन्यात सुरुवात केली होती, आज 15 जुलै. चारशेवर पानांचा गठ्ठा तयार आहे. बॉस्टनच्या रॉबर्ट्स ब्रदर्सचे टॉमस नाइल्स गेल्या वर्षी म्हणाले, मुलींसाठी एक पुस्तक लिहा. हिला मुलींच्या गोष्टींत काडीचा रस नव्हता. बहिणी सोडल्या तर मुली तिला फारशा माहीतही नव्हत्या. मग बहिणींवरच लिहिलं.

पहिली प्रकरणं वाचून नाइल्सना ती नीरस वाटली. लुईझालाही तसंच वाटत होतं. पुढे नाइल्सनी ती घरातल्या आणि ओळखीच्या मुलींना वाचायला दिली, त्या हसून हसून बेजार झाल्या, आणि पुस्तकाचं नशीब ठरलं. प्रकाशकाने आपली आवड बाजूला ठेवून पोरीसोरींचं ऐकलं, एवढ्यावरूनही या नाइल्सला मी मानतो.

खाली बैठकीत पांढऱ्या केसांचे एक गृहस्थ बोलताहेत. समोर कोणी असेल तर त्याच्याशी, नसेल तर पुस्तकाशी. हे वडील, ब्रॉन्सन. तत्त्वज्ञ. गावात एमर्सन त्यांचे मित्र, थोरोही होते. भगवद्गीतेचा इंग्रजी तर्जुमा वाचणारी ही मंडळी. त्यांच्या वॉल्डन तळ्यातला बर्फ कापून नेला जायचा आणि बॉस्टनचा बर्फ तर मुंबईच्या बंदरापर्यंत जहाजाने यायचा. मात्र ब्रॉन्सनसाहेबांनी घरात चार पैसे आणल्याचं फारसं कुणाला आठवत नाही. पाहायचंय? पंचवीस वर्षं मागे या.

1843. जागेचं नाव फ्रूटलँड्स, म्हणजे फळांचा मुलूख, आणि फळझाडं जेमतेम दहा. ब्रॉन्सन आणि त्यांचे मित्र इथे आश्रम थाटून बसलेत. मांस नाही, दूध नाही, चहा नाही. लोकर मेंढीची म्हणून नाही. आणि कापूस गुलामांनी पिकवलेला म्हणून तोही नाही. सगळ्यांच्या अंगावर जवसाच्या धाग्याचे डगले. तुम्ही कापसाच्या मुलखातून आलाय, त्यामुळे या शेवटच्या नियमापाशी क्षणभर थांबाल. नियम चुकीचा नाही. खोट दुसरीकडे आहे. आता काढणी झालीय, सातू रानात पडलाय, आभाळ भरून आलंय, आणि सगळे पुरुष कुठेतरी तत्त्वचर्चेला गेलेत. आई, तिचं नाव अब्बा, मुलींना हाका मारते. टोपल्या आणि घरातल्या चादरी घेऊन बाई आणि लेकरं सातू गोळा करून घरात ओढतात. त्या लेकरांत दहा वर्षांची एक काळी-सावळी, दांडगी पोर आहे. रास भिजण्याआधी उचलण्याची ती धावपळ तुम्हाला कुणी शिकवायला नको. चादरीचं एक टोक तुम्हीही धरा. पुढच्या जानेवारीत आश्रम मोडला. ही पोर मोठी झाल्यावर त्याच्यावर असा काही विनोदी लेख लिहील की आश्रमाच्या इतिहासापेक्षा लोकांना तोच लक्षात राहील.

कर्ज तर घरात मुक्कामालाच होतं. लुईझाने शिवणकाम केलं, शिकवण्या केल्या, एकदा घरकामालाही राहिली. आणि गोष्टी लिहिल्या, पण कसल्या? सूड, अफू, विष. काही निनावी, काही ए. एम. बार्नर्ड या नावाने. एका कथेला शंभर डॉलरचं बक्षीसही लागलं. तुमच्याकडे ज्याला गुत्त्याचं काम म्हणतात तसं हे: इतकी पानं, इतके पैसे, विषय संपला. बार्नर्ड म्हणजेच अल्कॉट, हे जगाला 1943 मध्ये कळलं, लिओना रोस्टेनबर्ग या ग्रंथशोधक बाईने जुनी पत्रं धुंडाळली तेव्हा. ‘चौघीजणी’त ज्योदेखील अशा भडक कथा लिहिते आणि प्रोफेसर भाअर तिला शरमिंदं करतात. मी भाअरच्या बाजूचा नाही. त्या कथांनी किराणा भरला.

डिसेंबर 1862 ला तुम्ही तिला जॉर्जटाउनच्या हॉस्पिटलात गाठता. पूर्वी हॉटेल होतं. आता जखमी सैनिकांनी भरलंय. कादंबरीत युद्धावर वडील जातात; खरं तर गेली ही. सहा आठवड्यांत विषमज्वराने आडवी झाली. डॉक्टरांनी कॅलोमेल दिलं, त्यात पारा. तिच्या मते पुढचं सगळं आजारपण त्यातूनच आलं. वडील न्यायला आले. तापात तिचे लांबसडक केस कापावे लागले. पुस्तकात ज्यो वडिलांच्या दुखण्यासाठी आपले केस पंचवीस डॉलरला विकते, ते प्रकरण इथून जन्मलंय. आयुष्याने फुकट नेलेल्या केसांची तिने कागदावर किंमत लावून घेतली.

पुन्हा 1868. गठ्ठा बॉस्टनला जातो आणि नाइल्स एक प्रश्न ठेवतात: एकरकमी पैसे हवेत, की विक्रीवर टक्का? सल्लाही तेच देतात: हक्क विकू नका. 

आता तुमच्या पोटात कालवाकालव होते, कारण हा प्रश्न तुमच्या तालुक्यात दर साली विचारला जातो आणि त्याला दुसरा पर्यायच नसतो. दसरा-दिवाळीच्या सुमारास ऊसतोडीचा मुकादम येतो. नवरा-बायको मिळून एक कोयता. उचल हातात पडते, ती लग्नात, दवाखान्यात, जुन्या देण्यात जिरते, आणि मग थंडीभर परमुलखातल्या फडात ती फेडायची. फिटली नाही तर बाकी पुढच्या सालावर. एकरकमी पैशाचं बळ गरजवंतालाच कळतं. म्हणूनच कर्जात बुडालेल्या घरातल्या या बाईने हक्क स्वतःकडे ठेवला, याची किंमत काँकर्डमधल्या तत्त्वज्ञांपेक्षा तुम्हाला जास्त कळावी.

पहिली दोन हजारांची आवृत्ती बघता बघता खपली. वाचकांची पत्रं सुरू झाली: ज्योचं लग्न शेजारच्या लॉरीशीच लावा. लुईझा हट्टाला पेटली. नोव्हेंबरात दुसरा भाग लिहायला घेतला, जवळजवळ रोज एक प्रकरण, आणि ज्योच्या पदरात तो मध्यमवयीन जर्मन प्रोफेसर टाकला. आपल्याकडच्या वाचकही अजून तिच्यावर रुसलेल्या आहेत. 1869 च्या एप्रिलमध्ये तो भाग आला आणि घरावरचं कर्ज पै-पैसह फिटलं. ब्रॉन्सन यांचंही ‘टॅब्लेट्स’ नावाचं पुस्तक 1868 मध्येच, त्याच प्रकाशकाने काढलं होतं. ते आज कोण वाचतं, विचारू नका.

जाता जाता एक गोष्ट. 1868 साली मराठीतल्या भावी कादंबरीकार काशीबाई कानिटकर सात वर्षांच्या आहेत. शाळा नाही, नवव्या वर्षी लग्न, मग चोरून अक्षरओळख. त्यांची ‘रंगराव’ पुस्तकरूपाने यायला 1903 उजाडेल.

शेवटचा मुक्काम बॉस्टन, डिसेंबर 1887. शहरात पंडिता रमाबाई आहेत. त्यांच्या ‘द हाय-कास्ट हिंदू वुमन’ या इंग्रजी पुस्तकाच्या हजारो प्रती याच वर्षी खपल्यात आणि या महिन्यात इथे रमाबाई असोसिएशन स्थापन झालीय. विधवांच्या शाळेला दहा वर्षं मदत देण्याचं तिने कबूल केलंय. मुंबईत शारदा सदन सव्वा वर्षाने उघडेल. पुस्तकाच्या बळावर घर उभं करणारी एक बाई सभागृहात, दुसरी त्याच शहराच्या रॉक्सबरी भागात एका डॉक्टरीणबाईंच्या घरी अंथरुणाला खिळलेली. दोघी भेटल्याचं मला कुठे आढळलं नाही. तुम्ही रॉक्सबरीला जा.

लुईझा पंचावन्न वर्षांची आहे, दिसते सत्तरीची. मार्चमध्ये वडील जातील आणि दोनच दिवसांनी ही. वडील गेल्याचं तिला कळणारही नाही. पण कागदपत्रं झालीत. अमेरिकेचा तेव्हाचा कायदा असा: हक्क अठ्ठावीस वर्षांचा, पुढे चौदा वर्षं वाढवून घेता येतो, मात्र वाढवणार लेखक स्वतः, किंवा तो नसेल तर त्याची बायको वा मुलं. भाचा चालत नाही. हिला मूल नाही. तेव्हा हिने याच वर्षी बहीण ॲनाचा मुलगा जॉन याला, चांगल्या विशीतल्या बाप्याला, रीतसर दत्तक घेतलंय. दत्तकासाठी संस्थानं खालसा झालेली आपण वाचली आहेत. दत्तक घेऊन पुस्तक राखणारी ही एकटीच भेटली.

तुम्ही बोटांवर हिशेब करता: 1868 आणि अठ्ठावीस, म्हणजे 1896. त्या साली अर्ज करायला जॉन असेल. येणाऱ्या पैशाच्या वाटण्याही तिने लिहून ठेवल्यात: जॉन, त्याचा भाऊ फ्रेड, त्यांची आई ॲना, आणि धाकट्या बहिणीमागे राहिलेली, हिनेच वाढवलेली छोटी लुलू. चौघांत.