हवा एकीकडे, रक्त दुसरीकडे : खडकवासल्यापासून लेहपर्यंत एका निदानाचा इतिहास

१/
१९६२ चे युद्ध. मैदानी प्रदेशातील जवान अल्पावधीत लडाखच्या उंचीवर पोहोचवले जात होते. दोन-तीन दिवसांत त्यांपैकी काही धडधाकट तरुणांना धाप लागे, खोकला येई, ओठ निळे पडत आणि तोंडातून गुलाबी फेस येई. शत्रूची गोळी न लागताही जवान मृत्यूच्या दारी पोहोचत होते. त्यांच्या फुप्फुसांत नेमके काय बिघडत होते?

२/
हा प्रश्न खडकवासल्याशी थेट जोडलेला आहे. जानेवारी १९५५ मध्ये येथे राष्ट्रीय संरक्षण प्रबोधिनीचे उद्घाटन झाले. सिंहगडाच्या पायथ्याच्या या परिसरात घडलेले पहिले कॅडेट १९६२ साली तरुण अधिकारी झाले होते. पुण्यातच १९४८ पासून सशस्त्र सेना वैद्यकीय महाविद्यालय उभे होते. लढणारे आणि त्यांना वाचवणारे, दोघांच्याही शिक्षणाचे एक केंद्र पुणे होते.

३/
अडचण भूगोलाची होती. खडकवासला समुद्रसपाटीपासून सुमारे १,९०० फुटांवर आहे, सिंहगड सुमारे ४,३०० फुटांवर. महाराष्ट्रातील सर्वांत उंच शिखर कळसूबाई, तेही ५,४०० फुटांचे. हा विकार साधारणपणे ८,००० फुटांच्या वर उद्भवतो. म्हणजे सह्याद्रीत कितीही चढाई केली, तरी त्याची ओळख होणे शक्य नव्हते. लेह ११,५०० फुटांवर आहे आणि तेथे हवेचा दाब समुद्रसपाटीच्या सुमारे दोन तृतीयांश उरतो.

४/
आता फुप्फुसाची रचना. मनुष्याच्या फुप्फुसांत सुमारे ३० कोटी वायुकोश असतात. प्रत्येक वायुकोशाभोवती केशवाहिन्यांचे जाळे असते. विश्रांतीच्या अवस्थेत वायुकोशांत दर मिनिटाला सुमारे ४ लिटर ताजी हवा पोहोचते, तर फुप्फुसांतून सुमारे ५ लिटर रक्त वाहते. हवा आणि रक्त यांचे हे गुणोत्तर सुमारे ०.८ भरते. वैद्यकशास्त्र त्याला ‘व्ही/क्यू’ म्हणते.

५/
हे गुणोत्तर समजण्यास खडकवासल्याइतके उत्तम ठिकाण नाही. धरणातून कालव्यात एकूण किती पाणी सोडले, एवढ्यावर पीक येत नाही. ते पेरलेल्या शेतापर्यंत पोहोचले का, हे महत्त्वाचे. पाणी खडकावर गेले आणि पेरणी कोरडी राहिली, तर हिशेबात पाणी पुरेसे दिसूनही शेतकऱ्याच्या हाती काही लागत नाही.

६/
फुप्फुसातही असेच घडते. एखाद्या भागात हवा आहे, पण रक्त नाही : ती हवा वाया जाते. दुसऱ्या भागात रक्त आहे, पण हवा नाही : ते रक्त प्राणवायू न घेताच हृदयाकडे परतते. यालाच व्हेंटिलेशन-परफ्युजन मिसमॅच, म्हणजे हवा आणि रक्त यांची विसंगती म्हणतात.

७/
येथे एक स्वाभाविक शंका येते. आजारी भागाची तूट निरोगी भागाने जोरात श्वास घेऊन का भरून काढू नये? कारण निरोगी भागातून जाणाऱ्या रक्तातील हिमोग्लोबिन आधीच जवळजवळ पूर्ण भरलेले असते. भरलेल्या हंड्यात आणखी पाणी ओतले, तरी शेजारचा रिकामा हंडा भरत नाही. म्हणून रुग्ण वेगाने श्वास घेत असूनही त्याच्या रक्तातील प्राणवायू कमीच राहतो.

८/
या विचाराला गणिती रूप मिळाले ते युद्धामुळेच. दुसऱ्या महायुद्धात अमेरिकेतील रॉचेस्टर येथे वॉलेस फेन, हर्मन रान आणि आर्थर ओटिस हे शास्त्रज्ञ वैमानिकांच्या श्वसनाचा अभ्यास करत होते. विरळ हवेत वैमानिक शुद्धीवर कसा राहील, हा त्यांचा प्रश्न होता. त्यातून काढलेल्या आलेखांनी पुढे हवा आणि रक्त यांच्या गुणोत्तराचे शास्त्र उभे केले. १९५५ साली रान आणि फेन यांनी ते सविस्तर मांडले.

९/
त्याच सुमारास, १९४९ मध्ये, रिचर्ड रायली आणि आंद्रे कूर्नां यांनी रक्तातील व श्वासातील वायू मोजून ही विसंगती किती आहे, हे ठरवण्याची रीत दिली. कूर्नां यांना हृदयात नलिका सरकवण्याच्या तंत्रावरील कार्यासाठी १९५६ चे नोबेल पारितोषिक विभागून मिळाले. आता विसंगतीचे मोजमाप शक्य झाले. परंतु ती फुप्फुसात कोठे आहे, हे अजून दिसत नव्हते.

१०/
ते प्रथम दिसले लंडनच्या हॅमरस्मिथ रुग्णालयात. तेथील सायक्लोट्रॉनमध्ये केवळ दोन मिनिटे अर्धायुष्य असलेला किरणोत्सारी प्राणवायू तयार होई. १९६० च्या सुमारास जॉन वेस्ट आणि सहकाऱ्यांनी तो वापरून दाखवले की, उभ्या माणसाच्या फुप्फुसाच्या माथ्याकडे फारच थोडे रक्त पोहोचते आणि तळाकडे विपुल पोहोचते. म्हणजे निरोगी माणसातही वाटप सर्वत्र सारखे नसते. हेच वेस्ट १९६०-६१ मध्ये एव्हरेस्ट परिसरातील ‘सिल्व्हर हट’ मोहिमेत सुमारे १९,००० फुटांवर राहून आले.

११/
मग निसर्ग ही विसंगती आटोक्यात कशी ठेवतो? उत्तर १९४६ मध्ये स्वीडनमधून आले होते. उल्फ फॉन ऑयलर आणि गोरान लिल्येस्ट्रँड यांना मांजरांवरील प्रयोगांत आढळले की, प्राणवायू कमी झाला की फुप्फुसातील रक्तवाहिन्या आकुंचन पावतात. उर्वरित शरीरात बहुधा उलट घडते. अर्थ स्पष्ट होता : ज्या भागात हवा नाही, तेथील रक्ताचा दरवाजा फुप्फुस स्वतःच लोटून घेते आणि रक्त हवेशीर भागाकडे वळवते.

१२/
मैदानात ही व्यवस्था प्राणरक्षक ठरते. न्यूमोनियाने एक कोपरा बंद पडला, तर तेवढ्यापुरता दरवाजा मिटतो. पण लेहमध्ये सर्वच वायुकोशांत प्राणवायू कमी असतो. त्यामुळे दरवाजे सर्वत्र मिटू लागतात, आणि तेही सारखे नाही : काही घट्ट मिटतात, काही उघडेच राहतात. अमेरिकन हृदयरोगतज्ज्ञ हर्बर्ट हल्टग्रेन यांनी मांडलेला विचार असा की, उघड्या राहिलेल्या वाटांवर साऱ्या प्रवाहाचा भार येतो, दाब वाढतो आणि केशवाहिन्यांतून द्रव वायुकोशांत झिरपतो.

१३/
पुणेकरांना हे चित्र परके नाही. १२ जुलै १९६१ रोजी पानशेत फुटले, तेव्हा खालच्या खडकवासला धरणाला तो लोंढा पेलवला नाही आणि तेही फुटले. पाणी अडवून वाटणारी व्यवस्था क्षमतेपलीकडचा भार आला की स्वतःच पुराची वाट होते. उंचीवरील फुप्फुसात सूक्ष्म प्रमाणावर असेच काहीसे घडते. पाण्याने भरलेल्या वायुकोशांजवळून रक्त जाते, पण हवा भेटत नाही. गुणोत्तर शून्याकडे घसरते.

१४/
निदान चुकण्याची परंपरा जुनी होती. खोकला, ताप, छातीतील आवाज यांवरून अशा रुग्णांवर जगभर बहुधा न्यूमोनियाचा शिक्का बसे. चिलीच्या खाणींतील वैद्य थॉमस रॅव्हनहिल यांनी १९१३ मध्येच या विकाराचे वर्णन केले होते, पण ते विस्मरणात गेले. १९६० साली चार्ल्स ह्यूस्टन यांच्या लेखाने इंग्रजी वैद्यकविश्वाचे लक्ष पुन्हा तिकडे वेधले. दोनच वर्षांनी हिमालयात युद्ध पेटले.

१५/
त्यानंतरचा मोठा अध्याय भारतीय वैद्यांनी लिहिला. १९६५ मध्ये इंदर सिंग आणि सहकाऱ्यांनी ‘लॅन्सेट’मध्ये ३३२ रुग्णांचा वृत्तांत दिला. त्याच वर्षी एन. डी. मेनन यांनी लेहमधील १०१ रुग्णांची नोंद प्रसिद्ध केली. १९६९ मध्ये सिंग यांच्या गटाने उंचीवरील आजारांनी ग्रस्त १,९२५ जवानांचा अभ्यास मांडला. एवढ्या रुग्णसंख्येवर आधारलेला अनुभव तोवर जगात कोणापाशीच नव्हता.

१६/
दिल्लीच्या अखिल भारतीय आयुर्विज्ञान संस्थेतील सुजॉय रॉय आणि सहकाऱ्यांनी रुग्णांच्या हृदयात नलिका सरकवून दाब मोजले. १९६९ मध्ये प्रसिद्ध झालेला निष्कर्ष निर्णायक होता : फुप्फुसाच्या धमनीतील दाब बराच वाढलेला, पण हृदयाच्या डाव्या बाजूचा दाब वाढलेला नाही. म्हणजे दोष हृदयाच्या दुर्बलतेचा नव्हता आणि जंतूंचाही नव्हता. बिघाड फुप्फुसातील रक्तवाटपाचा होता.

१७/
निदान बदलले तसा उपायही बदलला. प्राणवायू देणे आणि रुग्णाला तातडीने खाली आणणे, ही मुख्य चिकित्सा ठरली. प्रतिबंधासाठी सैन्याने टप्प्याटप्प्याने चढण्याचा नियम रूढ केला : ९,००० ते १२,००० फुटांवर ६ दिवस, १५,००० फुटांपर्यंत आणखी ४ दिवस, त्यावर आणखी ४ दिवस. सैनिकी बोलीत ‘हॅपो’ म्हणून ओळखल्या जाणाऱ्या या विकाराविरुद्ध कोणत्याही औषधापेक्षा हे १४ दिवस अधिक उपयोगी ठरले.

१८/
पण विसंगतीचे दुसरे रूपही तितकेच घातक आहे : हवा आहे, रक्त नाही. पायातील शिरेत तयार झालेली गुठळी फुप्फुसाच्या धमनीत अडकली की असे होते. छातीचा क्ष-किरण फोटो अनेकदा जवळजवळ स्वच्छ दिसतो. १९६४ मध्ये अमेरिकेत हेन्री वॅग्नर आणि सहकाऱ्यांनी किरणोत्सारी प्रथिनकण शिरेतून सोडून फुप्फुसातील रक्ताचा नकाशा काढून दाखवला. जेथे रक्त पोहोचत नाही, तेथे चित्रात पोकळी उमटते.

१९/
पोकळी दिसली, तरी एक प्रश्न उरतो : तेथे केवळ रक्त नाही, की हवाही नाही? त्यासाठी हवेचाही नकाशा हवा. किरणोत्सारी झेनॉन वायू वापरता येई, पण त्याला बंदिस्त यंत्रणा लागे. मुंबईत १९६३ साली परळ येथे रेडिएशन मेडिसिन सेंटर सुरू झाले होते. भाभा अणुसंशोधन केंद्राच्या पी. कोत्रप्पा, बी. रघुनाथ आणि सहकाऱ्यांनी १९७७ मध्ये वेगळा मार्ग प्रसिद्ध केला : टेक्नेशियमयुक्त द्रावणाचे अतिसूक्ष्म कोरडे तुषार बनवून रुग्णाला श्वासावाटे देणारे उपकरण. तुषार सूक्ष्म असणे अत्यावश्यक, कारण मोठे थेंब घशात आणि श्वासनलिकांतच अडकतात.

२०/
आता दोन नकाशे शेजारी ठेवता येऊ लागले. हवेचे चित्र पूर्ण आणि रक्ताच्या चित्रात पोकळी, तर गुठळीची शंका बळावते. दोन्हींत एकाच जागी पोकळी, तर न्यूमोनिया, दमा यांसारख्या श्वासमार्गाच्या विकारांकडे लक्ष जाते. एका चित्राने जे कळत नाही, ते दोघांच्या तुलनेतून कळते.

२१/
या पद्धतीलाही मर्यादा आहेत. १९९० मध्ये प्रसिद्ध झालेल्या ‘पायोपेड’ या मोठ्या अमेरिकन अभ्यासाने दाखवले की, स्कॅन पूर्ण स्वच्छ असेल तर गुठळी जवळजवळ नाकारता येते आणि ठळक विसंगती असेल तर निदानावर भरवसा ठेवता येतो. पण अनेक रुग्ण या दोहोंच्या मध्ये पडतात. पुढे सीटी अँजिओग्राफीने आघाडी घेतली. तरीही जुन्या गुठळ्यांमुळे फुप्फुसाच्या धमनीत कायमचा दाब वाढला आहे का, हे शोधताना आजही प्रथम हीच चाचणी केली जाते.

२२/
२०२० नंतर कोविडच्या साथीत घरोघरी बोटाला लावायचे ऑक्सिमीटर आले. ते प्राणवायूची तूट दाखवते, पण हवा अडली की रक्त, हे सांगू शकत नाही. त्या एका आकड्यामागचे कारण शोधायला वैमानिकांचे आलेख, मांजरांवरील प्रयोग, लेहचे जवान आणि मुंबईचे तुषारयंत्र एवढा प्रवास घडावा लागला. १९६२ चा इतिहास सीमारेषा आणि चौक्यांच्या नकाशांवर वाचला जातो. त्यात फुप्फुसाचे हे दोन नकाशेही जोडले, तर त्या युद्धानंतर डोंगरांतून जिवंत परतलेल्या अनेकांचे ऋण कोणाकडे जाते, हे समजते.