"खरं सांगा, काही होणार नाही": पुण्यातली १८८८ ची चौकशी

गेल्या आठवड्यात ओळखीतल्या एका पोराचा फोन आला. हिंजवडीकडे नोकरीला आहे. मॅनेजरने पैसे खाल्ले म्हणून कंपनीत चौकशी लागलीय. याला बोलावून सांगितलं, "माहीत आहे ते लिहून दे, तुझ्या नोकरीला धक्का लागणार नाही." काही बिलांवर याच्याही सह्या आहेत, साहेबाने सांगितल्या म्हणून केलेल्या. "देऊ का दादा लिहून?" म्हणाला.

मला क्रॉफर्ड आठवला. हो, मुंबईच्या क्रॉफर्ड मार्केटवालाच. मुंबईचा म्युनिसिपल कमिशनर म्हणून गाजलेला आर्थर क्रॉफर्ड पुढे पुण्यात मध्य विभागाचा कमिशनर झाला. खर्च अफाट, कर्ज डोक्यावर. बदली हवी, बढती हवी, नाहीतर वाईट जागी पाठवणी टाळायची, तर मामलेदारांनी पैसे पोचवायचे, असा बोभाटा होता. मध्यस्थ म्हणून हणमंतरावांचं नाव घेतलं जाई. पुढे त्यांना शिक्षाही झाली.

गव्हर्नर लॉर्ड रे यांनी १८८८ मध्ये क्रॉफर्डला निलंबित केलं. पण पुरावा कुठून आणायचा? लाच घेणारा बोलत नाही आणि देणाराही गुन्हेगारच. म्हणून मुंबई सरकारने पैसे देणाऱ्या मामलेदारांना शब्द दिला: खरं सांगा, तुम्हाला अभय. मामलेदार बोलले.

क्रॉफर्डची चौकशी मात्र रीतसर झाली. १८५० चा ३७ वा कायदा होता, आजही आहे. आरोप लेखी द्यायचे, कागदपत्रांची आणि साक्षीदारांची यादी किमान तीन दिवस आधी द्यायची. तिघांचं कमिशन पुण्यात बसलं. साहेबाच्या बाजूने वकील उभे राहिले, मामलेदारांची उलटतपासणी झाली. निकाल काय? लाचखोरी सिद्ध नाही, हाताखालच्या लोकांकडून कर्ज घेतलं हे मात्र खरं. १८८९ मध्ये त्याला नोकरीतून काढलं.

आता मामलेदारांचं बघा. लंडनच्या पार्लमेंटात ओरड झाली की लाच दिल्याचं कबूल करणारे लोक मॅजिस्ट्रेट म्हणून खुर्चीत कसे? ओरड अगदी खोटी नव्हती, हेही मान्य करायला हवं. लाच देऊन खुर्ची टिकवणाऱ्याने रयतेचा न्याय करावा, हे कुणाला पटेल? पण शब्द सरकारचा होता. १८८९ मध्येच कायदा करून त्यांना खटल्यांपासून वाचवलं, नोकरीचं तेवढं अभय राहिलं नाही. काही मामलेदारांना घरी जावं लागलं. साक्षीदार म्हणून दिलेला जबाबच त्यांच्या गळ्याशी आला. टिळक तेव्हा तिशी-बत्तिशीचे. दिलेला शब्द सरकारने पाळलाच पाहिजे, म्हणून त्यांनी मामलेदारांची बाजू उचलून धरली.

(गंमत म्हणजे मुंबईचं क्रॉफर्ड मार्केट आणि पुण्यातलं रे मार्केट, आपली मंडई, दोन्हींना आता महात्मा फुल्यांचं नाव आहे.)

त्यानंतर कायदा बराच पुढे आला. घटनेच्या कलम ३११ प्रमाणे आरोप कळवल्याशिवाय आणि बाजू मांडायची वाजवी संधी दिल्याशिवाय सरकारी कर्मचाऱ्याला बडतर्फ करता येत नाही, काही ठरावीक अपवाद सोडले तर. चौकशी अहवालाची प्रत शिक्षेआधी द्यावी लागते, हे सर्वोच्च न्यायालयाने १९९३ मध्ये करुणाकर प्रकरणात पक्कं केलं. कारखान्यातल्या कामगारांसाठी महाराष्ट्राचा १९७१ चा अनुचित कामगार प्रथांचा कायदा होता. नैसर्गिक न्याय धाब्यावर बसवून केलेली चौकशी त्यात अनुचित प्रथा ठरवली होती. पण हे सगळं संरक्षण माणूस आरोपी ठरल्यावर सुरू होतं. साक्षीदाराच्या खुर्चीत बसवून ज्याच्याकडून लिहून घेतलं, तो लिहिताना आरोपी नसतोच. आरोपपत्र नाही, सोबत कुणी नाही, समोर चहाचा कप. आणि स्वतःच्या सहीचा कबुलीजबाब नंतर खोडून काढणं फार अवघड जातं.

पोराला एवढंच म्हटलं, तुला साक्षीदार म्हणून बोलावलंय की आणखी कशासाठी, ते आधी ईमेलवर विचार. नोकरीला धक्का नाही हेही लेखी माग, सही कुणाची ते बघ. आणि तुझ्या जबाबाची प्रत घेतल्याशिवाय खोलीबाहेर पडू नकोस.

त्याने ईमेल टाकलाय. तीन दिवस झाले, उत्तर नाही. काल फक्त फोन आला, "अरे, एवढं काय, तू ये तर खरा." सोमवारी बोलावलंय.