चौसष्ट-बिटी प्रक्रियक व जुने कार्यक्रम

मेजावरील संगणकांतील ३२-बिटी प्रक्रियकास सामान्यतः ४ गिगाबाइटपर्यंतच स्मृती वापरता येई. इंटेल व ह्यूलेट-पॅकार्ड या कंपन्यांनी सर्वस्वी नवी ६४-बिटी रचना आखली व तीवर आधारलेला ‘इटेनियम’ २००१ मध्ये प्रथम सर्व्हर संगणकांसाठी आणला. परंतु जुने एक्स-८६ कार्यक्रम त्यावर मंद चालत. याउलट एएमडी कंपनीने एक्स-८६ आदेशसंचाचाच विस्तार करून २००३ मध्ये ‘ॲथलॉन ६४’ हा मेजावरील संगणकांचा प्रक्रियक काढला. त्यावर ३२-बिटी कार्यक्रम पूर्ववत चालत. २००४ मध्ये इंटेलनेही हाच विस्तार स्वीकारला. तथापि ६४-बिटी विंडोजमध्ये १६-बिटी कार्यक्रमांना स्थान उरले नाही. डॉसवरील जुने कार्यक्रम व त्यांतील नोंदी वापरण्यासाठी जुन्या यंत्राचे अनुकरण करणाऱ्या कार्यक्रमांचा आश्रय घ्यावा लागतो.