गर्भाच्या हालचालीची साक्ष : बुलढाणा जिल्ह्याच्या संदर्भात एक ऐतिहासिक आढावा

प्रस्तावना

उदरातील बाळाची पहिली हालचाल हा कौटुंबिक आनंदाचा क्षण असतो. त्याचबरोबर तो वैद्यक, कायदा आणि समाज यांच्या इतिहासाचाही विषय आहे. ही हालचाल सर्वप्रथम केवळ मातेलाच जाणवते. इतरांना ती तिच्या सांगण्यावरूनच कळते. तिच्या या सांगण्याला कोणत्या काळात पुरावा मानले गेले आणि कोणत्या काळात यंत्राच्या साक्षीपुढे ते गौण ठरले, याचा मागोवा प्रस्तुत लेखात घेण्यात आला आहे. त्यासाठी बुलढाणा जिल्ह्याचा संदर्भ निवडण्यामागे कारण आहे. अजिंठ्याच्या डोंगररांगेमुळे हा जिल्हा ‘घाटावर’ आणि ‘घाटाखाली’ अशा दोन भागांत विभागला गेला आहे. २०११ च्या जनगणनेनुसार येथील सुमारे २५ लाख ८६ हजार लोकसंख्येपैकी जवळजवळ चार पंचमांश लोक ग्रामीण भागात राहतात. जळगाव जामोद व संग्रामपूर तालुक्यांत सातपुड्याच्या पायथ्याशी आदिवासी वस्त्या आहेत. अशा प्रदेशात रुग्णालय दूर असते; गर्भाची खबर देणारी माता मात्र सदैव जवळ असते.

परंपरेतील गर्भलक्षणे

भारतीय वैद्यकाने गर्भाच्या हालचालीची दखल फार पूर्वी घेतली. सुश्रुतसंहितेच्या शारीरस्थानात चौथ्या महिन्यात गर्भाचे हृदय व्यक्त होते असे मानून, दोन हृदयांची म्हणून गर्भिणीला ‘दौहृदिनी’ म्हटले आहे. तिच्या इच्छा या गर्भाच्याही इच्छा होत, ही त्यामागील धारणा होती. मराठीतील ‘डोहाळे’ हा शब्द याच परंपरेतून आला. याच संहितेच्या निदानस्थानात गर्भ उदरातच मृत झाल्याची लक्षणे सांगितली असून त्यांत गर्भाचे स्पंदन थांबणे हे लक्षण प्रथम येते. हालचाल असणे हे जीविताचे आणि ती थांबणे हे संकटाचे चिन्ह होय, हा विचार अशा रीतीने ग्रंथबद्ध झालेला होता.

बुलढाणा जिल्ह्यातील सिंदखेडराजा हे जिजाबाईंचे जन्मस्थान आहे. कवींद्र परमानंद यांच्या ‘शिवभारत’ या संस्कृत काव्यात जिजाबाईंच्या डोहाळ्यांचे वर्णन आले आहे. त्याचे स्वरूप अर्थातच काव्यमय व स्तुतिपर आहे. तथापि गर्भिणीच्या मनाकडे व देहाकडे पाहून बाळाविषयी अनुमान करण्याची रीत राजघराण्यापासून सामान्य घरापर्यंत सारखीच होती, हे त्यावरून दिसते. चोरचोळी, ओटीभरण आणि सातव्या महिन्यातील डोहाळजेवण या विधींमुळे गर्भिणीभोवती अनुभवी स्त्रिया एकत्र येत. ‘बाळ फिरतं का?’ हा प्रश्न तेथे सहज विचारला जाई. अनुभवी सुईण हाताच्या स्पर्शाने गर्भाची स्थिती अजमावी. या व्यवस्थेचे उदात्तीकरण करण्याचे कारण नाही. धोका ओळखला तरी तो टाळण्याचे साधन सुईणीजवळ नव्हते आणि असंख्य माता व बालके प्रसूतीत दगावत. परंतु स्त्रीच्या जाणिवेला ऐकणारा कान तेथे होता, एवढे मान्य करावे लागते.

वसाहतकाळ : कायदा आणि श्रवणनलिका

१८५३ च्या तहानंतर वऱ्हाड प्रांताचा कारभार निजामाकडून इंग्रजांकडे आला. १८६० च्या भारतीय दंड संहितेतील कलम ३१२ मध्ये गर्भपात घडवून आणण्यासाठी तीन वर्षांपर्यंत, तर गर्भाची हालचाल सुरू झाली असल्यास सात वर्षांपर्यंत शिक्षेची तरतूद होती. म्हणजेच केवळ स्त्रीला जाणवणारी एक संवेदना ही कायद्याने गुन्ह्याच्या गांभीर्याची सीमारेषा ठरविली. २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेच्या कलम ८८ मध्येही हा भेद कायम आहे.

याच शतकात युरोपात गर्भाची साक्ष घेण्याचे दुसरे साधन उदयास आले. जिनिव्हा येथील शल्यवैद्य फ्रांस्वा मेयर यांनी १८१८ मध्ये मातेच्या पोटाला कान लावून गर्भाच्या हृदयाचे ठोके ऐकल्याची नोंद आहे. पुढे केरगारादेक यांनी स्टेथोस्कोपच्या साहाय्याने हे निरीक्षण पुढे नेले आणि १८९५ मध्ये आदोल्फ पिनार यांनी खास या कामासाठी नळी तयार केली. आता बाळाची खबर मातेला न विचारताही मिळू लागली.

भारतीय स्त्रीपुढे मात्र वेगळीच अडचण होती. पुरुष डॉक्टरकडून तपासणी करून घेणे तिला अशक्यप्राय होते. आनंदीबाई जोशी यांच्या वैद्यकीय शिक्षणामागे हीच प्रेरणा होती. १८८६ मध्ये फिलाडेल्फिया येथे पदवी घेताना त्यांनी प्रबंधासाठी आर्य हिंदूंमधील प्रसूतिशास्त्र हा विषय निवडला, ही बाब अर्थपूर्ण आहे. १८८५ मध्ये स्थापन झालेल्या डफरीन निधीतून स्त्रियांसाठी रुग्णालये उभी राहिली. अमरावतीचे जिल्हा स्त्री रुग्णालय आजही लोकांच्या तोंडी ‘डफरीन’च आहे. पण बुलढाण्याहून अमरावती दीडशे किलोमीटरहून अधिक दूर. घाटावरच्या खेड्यातील गर्भिणीच्या दृष्टीने नळी, डॉक्टर आणि रुग्णालय ही तिन्ही दीर्घकाळ दुसऱ्या जगातीलच राहिली.

यंत्राची दृष्टी आणि तिचा विपर्यास

१९५८ मध्ये ग्लासगो येथील इयान डोनाल्ड व त्यांच्या सहकाऱ्यांनी ध्वनिलहरींच्या साहाय्याने गर्भाची प्रतिमा मिळविण्याविषयीचा शोधनिबंध प्रसिद्ध केला. सोनोग्राफीमुळे गर्भाची वाढ, त्याची स्थिती व गर्भजलाचे प्रमाण प्रत्यक्ष पाहता येऊ लागले. बाळाच्या सुरक्षिततेसाठी निर्माण झालेल्या या साधनाचा महाराष्ट्रात मात्र लिंगनिदानासाठी दुरुपयोग झाला. त्यास आळा घालण्यासाठी १९८८ मध्ये राज्याने कायदा केला. देशातील हा अशा प्रकारचा पहिलाच कायदा होता. त्यानंतर १९९४ चा केंद्रीय कायदा आला आणि २००३ मध्ये तो अधिक कडक करण्यात आला. तरीही बुलढाणा जिल्ह्यात शून्य ते सहा वयोगटातील दर हजार मुलग्यांमागे मुलींचे प्रमाण २००१ मधील ९०८ वरून २०११ मध्ये ८५५ पर्यंत घसरले. जिजाबाईंच्या जन्मभूमीतील ही आकडेवारी अस्वस्थ करणारी आहे. गर्भ सुखरूप आहे काय, या प्रश्नाची जागा गर्भ मुलीचा आहे काय, या प्रश्नाने घेतली. पडद्यावरील प्रतिमेचा अर्थ इतरांनी लावला. माता त्या संवादातून बाहेर राहिली.

मोजणीचे शास्त्र आणि त्याच्या मर्यादा

यंत्रयुगातच मातेच्या साक्षीचे शास्त्रीय पुनर्मूल्यांकनही झाले. १९७३ मध्ये सादोव्स्की व याफे यांनी जेरुसलेम येथे मातांकडून हालचालींची दैनंदिन नोंद घेतली. १९७६ मध्ये पिअरसन व वीव्हर यांची कार्डिफ येथील ‘दहापर्यंत मोजणी’ची पद्धत पुढे आली. पहिलटकरणीस साधारणतः अठरा ते वीस आठवड्यांच्या सुमारास हालचाल जाणवते. पूर्वी बाळंत झालेल्या स्त्रीस ती त्याआधीही कळते. दिवस भरत आले की बाळाची हालचाल कमी होते, हा समज चुकीचा आहे. हालचालीचे स्वरूप बदलू शकते, पण नेहमीपेक्षा ती कमी होणे हे तपासणीस कारण ठरते.

तथापि केवळ मोजणीने मृत्यू टळतात असे सिद्ध झालेले नाही. १९८९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या सुमारे ६८,००० स्त्रियांच्या अभ्यासात नियमित मोजणीमुळे गर्भमृत्यू घटल्याचे आढळले नाही. २०१८ मधील ब्रिटन व आयर्लंडच्या अभ्यासात चार लाखांहून अधिक गर्भधारणांचा समावेश होता. त्यातही जनजागृती आणि रुग्णालयीन कार्यपद्धती यांच्या एकत्रित प्रयत्नाने मृतजन्मांत लक्षणीय घट दिसली नाही. म्हणून आज विशिष्ट आकड्यापेक्षा मातेला आपल्या बाळाच्या नेहमीच्या हालचालींची ओळख असणे आणि बदल जाणवताच तपासणी होणे यांवर भर दिला जातो.

बुलढाण्यासारख्या जिल्ह्यात या निष्कर्षाचा अर्थ अधिक गंभीर आहे. दिवसभर कपाशी वेचणाऱ्या किंवा निंदण करणाऱ्या स्त्रीला कामाच्या ओघात हालचाल जाणवतेच असे नाही. रात्री पाठ टेकल्यावरच तिचे लक्ष पोटाकडे जाते. शंका आली तरी ती घरात कोणाला सांगायची, वाहन कोठून आणायचे आणि मजुरी बुडवून कोणी सोबत जायचे, हे प्रश्न उभे राहतात. २००५ च्या राष्ट्रीय ग्रामीण आरोग्य अभियानातून आलेली आशा स्वयंसेविका, २०११ चा जननी शिशू सुरक्षा कार्यक्रम, २०१४ मध्ये महाराष्ट्रात सुरू झालेली १०८ रुग्णवाहिका सेवा आणि २०१६ पासून दर महिन्याच्या ९ तारखेची मोफत तपासणी यांमुळे या अंतरावर पूल बांधण्याचा प्रयत्न झाला. तरीही संयुक्त राष्ट्रांच्या अंदाजानुसार २०१९ मध्ये भारतात सुमारे ३ लाख ४० हजार मृतजन्म झाले. ही संख्या जगात सर्वाधिक होती.

समारोप

उपरोक्त विवेचनावरून असे दिसते की, सुश्रुतापासून कार्डिफपर्यंत गर्भाच्या कुशलतेचे आद्य ज्ञान मातेच्या जाणिवेतूनच आले. कायद्याने तिच्या जाणिवेवर शिक्षेची सीमा आखली, यंत्राने तिला पडताळून पाहिले आणि समाजाने अनेकदा तिच्याकडे दुर्लक्ष केले. यंत्र आणि माता यांना परस्परविरोधी मानणे योग्य नाही. परंपरेत ऐकणारे कान होते, पण उपचार नव्हता. आधुनिक व्यवस्थेत उपचार आहे, पण ऐकण्याची खात्री नाही. ‘आज बाळ कमी हललं’ असे एखादी स्त्री रात्री सांगते, तेव्हा तिला सकाळपर्यंत थांबण्यास सांगितले जाते की त्याच वेळी रुग्णवाहिका बोलाविली जाते, यावर पुष्कळ काही अवलंबून असते. मातेच्या या साध्या वाक्यास वैद्यकीय पुराव्याचा दर्जा देणारे घर, गाव आणि आरोग्यकेंद्र घडविणे हे या दीर्घ इतिहासाचे अपूर्ण राहिलेले कार्य होय.