'ब'चं कपाट, 'श'चं कपाट

तालुक्याच्या वाचनालयात मी छत्तीस वर्षं देवघेवीच्या टेबलावर बसलो. कादंबऱ्या लेखकाच्या आडनावाप्रमाणे लावायच्या, हा आमचा नियम. त्यामुळे विश्राम बेडेकर खिडकीजवळ 'ब'च्या कपाटात आणि विभावरी शिरूरकर पार पलीकडे, पाण्याच्या माठामागे, 'श'च्या कपाटात. ही दोघं नवरा-बायको होती, एका घरात राहत होती, हे आमच्या वर्गणीदारांपैकी फार थोड्यांना ठाऊक असायचं.

मला ते ठाऊक होतं, कारण दोघांची पुस्तकं आमच्या घरीही होती. 'कळ्यांचे निःश्वास' आत्याचं आणि 'रणांगण' वडिलांचं.

आत्या प्राथमिक शाळेत शिक्षिका होती. आजोबा दम्याने घरी बसले आणि तिच्या पगारावर घर चालू लागलं. माझे वडील धाकटे. त्यांची मॅट्रिकची फी तिने भरली, कॉलेजची भरली. तिला स्थळं येत, आजोबा ती काही ना काही खोट काढून परत पाठवत. आत्या पस्तिशीची झाली तेव्हा स्थळं यायची थांबली. याबद्दल घरात कुणी कधी एक शब्द काढला नाही. मोठेपणी विभावरींच्या 'कळ्यांचे निःश्वास' या संग्रहातली 'बाबांचा संसार माझा कसा होणार?' ही कथा वाचली आणि मला घाम फुटला. आमच्या माजघरात जे कुणी बोललं नव्हतं, ते १९३३ मध्येच छापून झालं होतं.

त्या सालाकडे नीट पाहावं लागतं. १९३० पासून शारदा कायदा लागू झाला होता आणि मुलीच्या लग्नाचं किमान वय चौदा ठरलं होतं. मुंबईत र. धों. कर्वे १९२७ पासून 'समाजस्वास्थ्य' मासिक काढत होते आणि अश्लीलतेच्या खटल्यांना तोंड देत होते. अण्णासाहेब कर्व्यांच्या संस्थांतून शिकलेल्या मुली मास्तरणी, नर्स होऊन कमवू लागल्या होत्या. बाईच्या हातात दरमहा पगार येऊ लागला, आणि त्यावर हक्क कुणाचा, हा प्रश्न घराघरांत शिरला.

कादंबरीतल्या पुरुषाला मात्र याची खबर नव्हती. त्या काळी वाचकांच्या मनावर राज्य होतं ना. सी. फडके आणि वि. स. खांडेकर यांचं. फडक्यांचा नायक देखणा, हुशार, बोलण्यात तरबेज. त्याच्या प्रेमात जी विघ्नं येतात ती बाहेरून येतात. खांडेकरांचा नायक ध्येयाने पेटलेला. दोघांनाही स्वतःच्या पुरुषपणाबद्दल शंका येत नाही. लेखक त्यांना ती येऊच देत नाही.

बाईच्या मनात शिरण्याचं काम मराठीत आधी पुरुषांनीच केलं, हेही खरं. हरि नारायण आपट्यांनी 'पण लक्षात कोण घेतो?'मध्ये यमुनेच्या तोंडून सगळी कहाणी सांगितली, ती १८९० च्या दशकाच्या सुरुवातीला. रंगभूमीवर बालगंधर्व तर स्त्री कशी चालते, कशी नेसते, कशी लाजते, याचा वस्तुपाठच देत होते आणि घरंदाज बायका त्यांचं अनुकरण करत होत्या. मला हरिभाऊंबद्दल मोठा आदर आहे. पण यमुना सोसते आणि वाचक रडतो. वाचकातला पुरुष रडून मोकळा होतो.

बाळूताई खरे यांनी 'विभावरी शिरूरकर' हे नाव घेतलं. विभावरी म्हणजे रात्र. टोपणनाव का घ्यावं लागलं, हे पुस्तक बाहेर पडताच कळलं. केवढी खळबळ उडाली! ही बाई कोण, कुठली, यावर तर्क लढवले गेले. पुढच्याच वर्षी आलेल्या 'हिंदोळ्यावर'मध्ये तर लग्न फसलेली स्त्री दुसऱ्या पुरुषाशी नातं जोडते, आणि तिला मूल हवं असतं. लोकांना झोंबलं ते शरीराबद्दलचं धाडस, असं सांगितलं जातं. मला तसं वाटत नाही. झोंबला तो बापाचा, भावाचा, मित्राचा चेहरा. या कथांतले पुरुष दुष्ट नाहीत. ते सुधारक विचारांचे आहेत, मुलीला शिकवतात, तिचं कौतुक करतात, आणि निर्णयाची घटका आली की मान खाली घालतात. खलनायक असता तर वाचकाला त्याच्यापासून लांब उभं राहता आलं असतं. इथे तो स्वतःच्याच ओसरीवर सापडला.

विश्राम बेडेकर तेव्हा नाटक आणि सिनेमाच्या धंद्यात होते. 'बलवंत संगीत मंडळी'साठी लिहीत होते. पुढे ते इंग्लंडला गेले आणि १९३८ च्या सुमाराला बोटीने परतले. हिटलरच्या जर्मनीतून ज्यू कुटुंबं तेव्हा मिळेल त्या बोटीने पूर्वेकडे पळत होती. शांघायमध्ये उतरायला व्हिसा लागत नसे, म्हणून युरोपातून निघालेल्या बोटी सुएझ, मुंबई, कोलंबो, सिंगापूर, हाँगकाँग करत तिकडे जात. १९३८ ते १९४१ या काळात पंधरा हजारांहून अधिक ज्यू त्या शहरात पोचले. या प्रवासातून 'रणांगण' जन्मली. १९३८ मध्ये बाळूताई आणि विश्राम यांचं लग्न झालं, बाळूताई मालती बेडेकर झाल्या, आणि १९३९ मध्ये ही कादंबरी आली. बेडेकरांनी दुसरी कादंबरी लिहिली नाही.

चक्रधर विध्वंस हा तिचा नायक. आडनावातच काय ते आलं आहे. उमा नावाच्या मुलीने पूर्वी दुखावलेला, म्हणून साऱ्या स्त्रीजातीवर सूड उगवायला निघालेला. बोटीवर त्याला हॅर्टा भेटते. ज्यू, देशातून हाकललेली, आपली म्हणावी अशी जमीन नसलेली. दहा-बारा दिवसांत ती त्याच्यावर जीव टाकते. मुंबई येते. चक्रधर उतरतो. ती बोटीवरच राहते, पुढच्या प्रवासात त्याला पत्रं लिहिते आणि समुद्रात उडी घेते.

आमच्याकडे ही कादंबरी प्रेमकथा म्हणून घरी नेली जायची. कॉलेजातली मुलं ती परत करताना डोळे तांबडे करून यायची. समीक्षकांनी तिला मराठीतल्या आधुनिक कादंबरीची पहाट म्हटलं आणि ते योग्यच आहे: घटनांची सरळ माळ नाही, कथानकाचे डावपेच नाहीत, माणूस आपल्याच मनाच्या कचाट्यात सापडलेला. मर्ढेकरांची 'रात्रीचा दिवस' यायला अजून तीन वर्षं होती. पण हे नवं तंत्र कुठून आलं, असं विचारलं की सगळे युरोपकडे बोट दाखवतात. मी 'श'च्या कपाटाकडे दाखवतो. नायक आतून पोकळ आहे, हे एकदा मान्य केलं की जुनी गोष्ट सांगताच येत नाही. तिला कणा उरत नाही. आणि तो पोकळ आहे हे मराठीत आधी एका कमावत्या अविवाहित बाईने लिहून ठेवलं होतं. बेडेकरांनी बायकोचं पाहून लिहिलं, असं मी म्हणणार नाही; माझ्याजवळ पुरावा नाही. हवा बदलली होती. त्याच १९३९ मध्ये 'प्रभात'च्या 'माणूस' चित्रपटात शांतारामबापूंनी पोलिसातला गणपत हवालदार एका वेश्येच्या प्रेमात हतबल झालेला दाखवला.

एका गोष्टीत मात्र मला 'रणांगण' जुनीच वाटते, आणि इतकी वर्षं आवडत असूनही हे सलतं. चक्रधरला स्वतःचा भ्याडपणा दिसावा म्हणून हॅर्टाला मरावं लागतं. पुरुषाच्या आत उजेड पडायला बाईचा जीव जातो. विभावरींच्या बायका मरत नाहीत. त्या रडतात, चिडतात, आणि सोमवारी पुन्हा शाळेत हजेरी घेतात. स्वतः मालतीबाईंनी सोलापूरला, 'गुन्हेगार' ठरवलेल्या जमातींच्या वसाहतीत नोकरी केली आणि त्या अनुभवातून १९५० मध्ये 'बळी' लिहिली. १९८१ मध्ये मुंबईच्या समांतर साहित्य संमेलनाच्या त्या अध्यक्ष झाल्या. विश्रामराव १९८६ मध्ये मुंबईतच अखिल भारतीय संमेलनाचे अध्यक्ष झाले. तिथेही दोघांचे मांडव निरनिराळे.

१९७८ च्या उन्हाळ्यात मी आत्याला 'रणांगण' वाचायला दिली. घरात जवळजवळ चाळीस वर्षं असून तिने ती उघडली नव्हती. तीन दिवसांनी, रात्री जेवणं झाल्यावर, तिने पुस्तक वडिलांच्या पुढ्यात ठेवलं. वडिलांना वाटलं, ती भाषेबद्दल बोलेल, हॅर्टाच्या पत्रांबद्दल बोलेल. त्यांना ती पत्रं जवळजवळ पाठ होती.

आत्या म्हणाली, "त्या पोरीला कुठे मास्तरकीची नोकरी मिळाली असती ना, भाऊ, तर तिने उडी मारली नसती."

वडील काहीच बोलले नाहीत. बऱ्याच वेळाने त्यांनी पुस्तक उचललं, आणि आत्याचं ताटही उचलून मोरीत नेऊन ठेवलं. ते ताट उचलताना मी त्यांना पहिल्यांदाच पाहिलं.