अक्षता पडल्यानंतरची गोष्ट : 'द थिन मॅन' आणि १९३४चं अमेरिका

मागे बसलेल्यांना आवाज येतोय ना? मग सुरुवात करतो.

'द थिन मॅन' हा चित्रपट ज्यांनी पूर्वी कधीतरी पाहिलाय, त्यांना एक प्रश्न. त्यात खून कोणी केला, हे आठवतं का? बहुतेकांना आठवत नाही. मलाही दुसऱ्यांदा पाहताना आठवत नव्हतं. पण निक आणि नोरा चार्ल्स हे जोडपं आणि त्यांचा ॲस्टा नावाचा कुत्रा मात्र पक्का लक्षात राहतो. रहस्यपटातलं रहस्यच विसरायला होतं आणि तरी चित्रपट नव्वद वर्षं टिकतो, हे कसं काय? आज आपण त्याचं उत्तर शोधू. खुनी कोण ते मी सांगणार नाही, निश्चिंत असा.

आधी गोष्ट थोडक्यात. निक हा पूर्वीचा खाजगी गुप्तहेर. श्रीमंत नोराशी लग्न करून त्यानं धंदा सोडलाय. दोघं सॅन फ्रान्सिस्कोहून नाताळाला न्यूयॉर्कला येतात. तिथे ओळखीतला एक संशोधक बेपत्ता होतो, मग खून पडतात. निकला त्यात पडायचं नसतं, नोराला मात्र भारी उत्सुकता. गंमत म्हणजे नावातला 'बारीक माणूस' निक नव्हेच, तो हा बेपत्ता संशोधक. पण लोकांनी ते नाव निकलाच चिकटवलं आणि पुढच्या पाच चित्रपटांत कंपनीनंही ते तसंच चालवलं.

आता काळ बघा. तोवरच्या पडद्यावरच्या प्रेमकथा साधारण कुठे संपायच्या? लग्नात. आपल्याकडेही तेच, अक्षता पडल्या की गोष्ट संपली. लग्न झालेलं जोडपं दिसायचं ते भांडताना, फसवताना, नाहीतर घटस्फोटाच्या वाटेवर. 'थिन मॅन'मध्ये लग्न होऊन चार वर्षं झालीत आणि दोघांना एकमेकांची संगत अजून आवडते. ती त्याची टर उडवते, तो तिची. बारमध्ये आल्यावर नोरा विचारते, किती पेले झाले? तो म्हणतो, सहा. ती लगेच आणखी पाच एकदम मागवते. उपदेश नाही, रुसवा नाही, सरळ बरोबरी गाठायची.

हे १९३४ सालीच का घडलं? मला तीन कारणं दिसतात.

पहिलं कारण कायद्याचं. अमेरिकेतली दारूबंदी ५ डिसेंबर १९३३ला उठली. चित्रपट आला मे १९३४मध्ये. म्हणजे निक पहिल्याच प्रवेशात बारमनना मार्टिनी कुठल्या तालावर हलवायची ते शिकवतो, तेव्हा प्रेक्षकांसाठी ती नुकतीच परत मिळालेली मोकळीक होती. दुसऱ्या बाजूनं एक दार बंद होत होतं. चित्रपटांची आचारसंहिता १९३०पासून कागदावर होती, पण तिची कडक अंमलबजावणी सुरू झाली जुलै १९३४मध्ये, जोसेफ ब्रीन यांच्या हाताखाली. एक दार उघडलं आणि दुसरं बंद व्हायचं होतं, त्या मधल्या काही महिन्यांत हा चित्रपट निसटून बाहेर आला.

दुसरं कारण पैशाचं. ही मंदीची वर्षं. १९३३मध्ये अमेरिकेतला साधारण चारातला एक कामगार बेकार होता. घरी बसलेल्या पुरुषाला काय वाटत असेल, शेजारीपाजारी काय बोलत असतील, याची कल्पना आपण करू शकतो. आणि पडद्यावर हा निक! सासऱ्यानं मुलीला लाकडाची गिरणी आणि छोटी रेल्वे ठेवलीय, आणि हा खुशाल सांगतो की ज्या पैशासाठी लग्न केलं तो सांभाळणं हेच आता माझं काम. नवरा बायकोच्या पैशावर जगतोय, दोघांनाही ते ठाऊक आहे, आणि त्यानं कोणाचाच मान कमी होत नाही. त्या काळात ही गोष्ट हसत हसत सांगणं साधं नव्हतं.

तिसरं कारण माणसांचं, आणि मला ते सर्वांत महत्त्वाचं वाटतं. मूळ कादंबरी डॅशिएल हॅमेट यांची. हॅमेट स्वतः पिंकर्टन संस्थेत गुप्तहेर होते. नोराचं पात्र त्यांनी आपली मैत्रीण, नाटककार लिलियन हेलमन यांच्यावरून घेतलं असं मानलं जातं, आणि पुस्तकही त्यांनाच अर्पण केलं. पटकथा लिहिली फ्रान्सिस गुडरिच आणि अल्बर्ट हॅकेट यांनी. हे दोघं खरोखरचे नवरा-बायको, जन्मभर जोडीनं लिहिणारे. दिग्दर्शक डब्ल्यू. एस. व्हॅन डाइक यांचा त्यांच्याकडे आग्रह असा की रहस्याचं फार मनावर घेऊ नका, मला या दोघांचे प्रवेश द्या. म्हणून त्या संवादांत घरातल्या बोलण्याची लय आहे. पुढे याच जोडप्यानं 'द डायरी ऑफ ॲन फ्रँक' हे नाटक लिहिलं आणि त्याला पुलित्झर पारितोषिक मिळालं.

व्हॅन डाइक भराभर काम उरकण्यासाठी प्रसिद्ध होते. हा चित्रपटही त्यांनी दोन-तीन आठवड्यांत संपवला. नोरासाठी मर्ना लॉय हव्यात हा हट्ट त्यांचाच. तोवर लॉय यांच्या वाट्याला गूढ, परदेशी, कपटी बायकांच्याच भूमिका जास्त यायच्या. इथे पहिल्याच प्रवेशात त्या कुत्र्यानं ओढत आणल्यासारख्या येतात आणि सामानासकट सपशेल आडव्या पडतात! विल्यम पॉवेल आणि त्यांनी मिळून चौदा चित्रपट केले. ते खरेच नवरा-बायको आहेत असं अनेक प्रेक्षकांना वाटायचं.

आता तुम्ही म्हणाल, म्हणजे १९३४मध्ये स्त्री-पुरुष समता आली की काय? नाही हो. इथे इतिहासाच्या विद्यार्थ्यानं थांबायला हवं. नोराला तपासात बरोबर यायचं असतं, तेव्हा निक तिला टॅक्सीत बसवून ड्रायव्हरला परस्पर ग्रँट यांच्या समाधीकडे न्यायला सांगतो. बंदूक घेऊन माणूस खोलीत शिरतो, तेव्हा तिला गोळीच्या वाटेतून दूर करायला निक तिच्या जबड्यावर ठोसा मारतो. शुद्धीवर आल्यावर तिची तक्रार काय? तर मारामारी बघायची राहिली. तेव्हा थिएटरभर हशा पिकला असेल. आज आपलं हसू थोडं अडखळतं, आणि ते अडखळायलाच हवं. बोलण्यात बरोबरी आहे, पण धोका कोणी पत्करायचा, हे अजून निकच ठरवतो. तिचा पैसा चालतो, तिची बुद्धी आवडते, पण तिला टॅक्सीत बसवण्याचा हक्क त्याचाच.

पुढे दुसऱ्या चित्रपटाच्या शेवटी, १९३६मध्ये, नोरा बाळासाठी विणकाम करताना दिसते. तिसऱ्यात, १९३९मध्ये, मूल आलेलं आहे. पाचव्यात, १९४५मध्ये, निक दारूऐवजी सफरचंदाचा सायडर पितो. शेवटचा आला १९४७मध्ये. चित्रपट वाईट नाहीत, पण ती मधल्या काही महिन्यांतली मोकळीक हळूहळू आवरली जाताना दिसते. आणि हॅमेट? 'थिन मॅन' ही त्यांची शेवटची कादंबरी ठरली. १९५१मध्ये, डाव्या चळवळीच्या जामीन निधीला पैसे कोणी दिले त्यांची नावं सांगायला न्यायालयात नकार दिला म्हणून ते तुरुंगात गेले. ज्यांनी इतकं बोलकं जोडपं लिहिलं, त्यांनी गप्प राहण्याची किंमत मोजली.

तर सुरुवातीचा प्रश्न. रहस्य विसरतो आणि जोडपं का आठवतं? कारण रहस्य एकदा उलगडलं की संपतं. दोन माणसं रोज एकाच घरात राहूनही एकमेकांना कंटाळत का नाहीत, हे मात्र उलगडत नाही. त्या मंदीत, अपुऱ्या का होईना, बरोबरीच्या आधारावर दोघांनी मजेत जगायचं चित्र कोणीतरी काढून दाखवलं. घरी जाऊन चित्रपट बघा, आणि बघताना टॅक्सीचा प्रवेश आला की थोडं थांबा. नोरा तिथून पुढे कुठे गेली असती, याचा विचार करा.

आता प्रश्न घेऊ या.