इजिप्तचा नेत्ररोग

डोळ्याच्या पांढऱ्या भागावर आणि पापण्यांच्या आंतल्या बाजूवर एक अत्यंत पातळ, ओलसर पडदा पसरलेला असतो. शास्त्रांत त्यास नेत्रश्लेष्मला असें नांव आहे. तो निरोगी असतां त्याचें अस्तित्वहि कोणास जाणवत नाहीं. परंतु रोगजंतूंचा उपसर्ग झाला कीं त्यांतील बारीक रक्तवाहिन्या फुगतात, डोळा लाल होतो, पाणी गळतें, चिपडें धरतात, आणि केव्हां केव्हां तो पडदा पाण्यानें भरलेल्या फोडासारखा सुजून बुबुळाच्या कडेवर येतो. घरोघर यासच डोळे येणें म्हणतात. बहुधा हा विकार आठपंधरा दिवसांत ओसरतो, म्हणून त्याची फारशी फिकीर कोणी करीत नाहीं.

याच पडद्याचा खुपऱ्या हा जो चिवट रोग, त्याची गोष्ट मात्र निराळी आहे. त्यांत पापणीच्या आंत बारीक दाणे येतात. उपसर्ग पुनःपुन्हां होत राहिला म्हणजे त्या जागीं वण पडतात, पापणी आंत वळते, आणि तिचे केस बुबुळावर घांसून घांसून अखेर दृष्टि जाते. बाळपणीं जडलेला रोग अशा रीतीनें प्रौढपणीं आंधळें करतो. असले नेत्ररोग एकापासून दुसऱ्यास होतात, एवढी एक गोष्ट मान्य व्हावयास युरोपांत किती डोळे खर्ची पडले, तो इतिहास मननीय आहे.

भारतांतील प्राचीन वैद्यांस हे रोग अपरिचित नव्हते. सुश्रुतसंहितेंत पापणीच्या रोगांमध्यें 'पोथकी' सांगितली आहे. तांबड्या मोहरीसारख्या पुळ्या, स्राव, खाज व जडपणा हीं तिचीं लक्षणें खुपऱ्यांशीं जुळतात. त्याहून महत्त्वाची गोष्ट त्याच ग्रंथाच्या निदानस्थानांत आहे. तेथें कुष्ठ, ज्वर व शोष यांच्या बरोबरीनें नेत्राभिष्यंद, म्हणजे डोळे येणें, हा एका माणसापासून दुसऱ्याकडे जाणारा रोग म्हणून गणला आहे; आणि अंगस्पर्श, श्वास, सहभोजन, एका शय्येवर निजणें, दुसऱ्याचीं वस्त्रें वापरणें हीं त्याच्या प्रसाराचीं कारणें सांगितलीं आहेत. युरोपांतील सैन्यांच्या वैद्यांना हीच गोष्ट फार मोठी किंमत देऊन शिकावी लागली.

जुलै १७९८ मध्यें नेपोलियन ३५,००० हून अधिक सैन्य घेऊन इजिप्तच्या किनाऱ्यावर उतरला. लवकरच त्याच्या शिपायांचे डोळे सुजूं लागले, आणि कित्येकांची दृष्टि गेली. सैन्याचा मुख्य शस्त्रवैद्य लारे हा मोठा कर्तबगार पुरुष होता. जखमी शिपायांस रणांगणावरून त्वरेनें हलविण्याची त्याची योजना आजहि नांवाजली जाते. परंतु या रोगाचें खापर त्यानें दिवसाच्या प्रखर उन्हावर व रात्रीच्या दमट गारव्यावर फोडलें. हा तर्क वरवर पाहतां पटण्याजोगाच होता. ऊन होतें, वाळू होती, गार रात्र होती, आणि रोगहि होता. पण दोन गोष्टी एकत्र दिसल्या म्हणून एक दुसरीचें कारण ठरत नाहीं, हें त्या घाईंत कोणाच्या ध्यानीं यावें?

हवा हेंच कारण असतें, तर जहाजें परत फिरतांच रोग मागें राहावयास पाहिजे होता. तसें झालें नाहीं. १८०१ मध्यें फ्रेंचांस हांकून देण्यासाठीं इंग्रजांचें सैन्य इजिप्तमध्यें उतरलें. तें परतलें तेव्हां रोगहि त्याच्याबरोबर इंग्लंडच्या थंड, ढगाळ हवेंत आला, आणि ज्यांनीं इजिप्तचें तोंडहि पाहिलें नव्हतें अशा शिपायांत पसरला. बावन्नाव्या पलटणीच्या एका तुकडींत सुमारें ७०० शिपाई होते. १८०५-०६ च्या एका वर्षांत त्यांच्यांत या रोगाच्या ६०० हून अधिक नोंदी झाल्या, आणि ५० शिपायांचे दोन्ही डोळे गेले. त्या पलटणीचा वैद्य जॉन व्हेच यानें १८०७ मध्यें या साथीवर पुस्तक लिहिलें. रोगी डोळ्यांतील स्राव निरोगी डोळ्यास लागल्यानें रोग होतो, हवेनें नव्हे, असें त्याचें म्हणणें होतें. ज्यास इजिप्तचा नेत्ररोग म्हणत तो वस्तुतः एक रोग नव्हता; खुपऱ्या, परम्याच्या जंतूंनीं होणारा नेत्रदाह व इतर साथी त्यांत मिसळलेल्या होत्या. परंतु त्या सर्वांचा मार्ग एकच होता. दाटीची बराक, तोंड धुण्याचें सामायिक पाणी, आणि अनेकांच्या तोंडावरून फिरणारा एकच पंचा!

तरीहि वाद मिटला नाहीं. बेल्जमच्या सैन्यांत या रोगानें ठाण मांडलें, तेव्हां १८३४ मध्यें तेथील सरकारनें बर्लिनच्या युंगकेन नांवाच्या नामांकित नेत्रवैद्यास बोलाविलें. रोगी शिपायांस आपापल्या घरीं पाठवून द्यावें, असा सल्ला त्यानें दिला. हेतु चांगला होता. पण शिपाई गांवोगांव गेले आणि त्यांच्याबरोबर रोगहि गेला. जो रोग बराकींत कोंडतां आला असता तो बायकामुलांच्या उशापर्यंत पोंचला. विद्वानाची चूक सामान्याच्या चुकीहून महाग पडते, ती अशी.

रोगाचा मार्ग नीट ओळखला म्हणजे थोडक्या उपायानें केवढें काम होतें, याचा दाखला लाइपझिगच्या सूतिकागृहांत मिळाला. नवजात अर्भकांचे डोळे प्रसूतीच्या वेळीं आईकडून लागणाऱ्या परम्याच्या जंतूंनीं सुजत व पुष्कळदां कायमचे जात. नायसर यानें १८७९ मध्यें तो जंतु शोधून काढला होता. पुढच्याच वर्षीं क्रेडे यानें जन्मतांच प्रत्येक बाळाच्या डोळ्यांत सिल्व्हर नायट्रेटच्या सौम्य द्रावणाचा एक थेंब घालण्याचा प्रघात पाडला. आणि शंभरांत सुमारें दहा बाळांस होणारा हा विकार शंभरांत एकाहूनहि खालीं आला.

खुपऱ्यांचा जंतु मात्र दीर्घकाळ हातीं लागेना. १९०७ मध्यें जावा बेटांत हाल्बरश्टेटर व प्रोवाझेक या दोघांनीं रोग्याच्या पापणीचा खरवड ओरांगउटानच्या डोळ्यांत घातला, आणि सूक्ष्मदर्शकांतून पेशींच्या आंत त्या जंतूंचे पुंजके प्रथम पाहिले. तो जंतु प्रयोगशाळेंत वाढविण्याचें यश बीजिंगच्या तांग फेईफान यांस मिळालें. १९५७ मध्यें तें प्रसिद्ध झालें. हाच खुपऱ्यांचा खरा जंतु, हें सिद्ध करण्यासाठीं त्यांनीं तो स्वतःच्या डोळ्यांत घालून घेतला, आणि रोगाचीं लक्षणें स्पष्ट होईपर्यंत उपचार न घेतां दुखणें सोसलें. १९५८ मध्येंच त्यांचा अंत झाला. लारेच्या तर्कापासून या प्रयोगापर्यंत दीडशेंहून अधिक वर्षें लोटलीं होतीं.

भारतानें खुपऱ्यांविरुद्ध राष्ट्रीय मोहीम १९६३ मध्यें हातीं घेतली. १९७१ मध्यें देशांतील एकंदर अंधत्वापैकीं सुमारें ५ टक्के या रोगामुळें होतें. आणि ऑक्टोबर २०२४ मध्यें, सार्वजनिक आरोग्याचा प्रश्न म्हणून हा रोग भारतांतून दूर झाला, असें जागतिक आरोग्य संघटनेनें जाहीर केलें. या यशांत शस्त्रक्रियेचा व नव्या औषधांचा वाटा मोठा आहे. पण त्याच उपाययोजनेंत तोंड धुणें, स्वच्छ पाणी व परिसराची सफाई यांसहि समान स्थान आहे. औषध झालेला रोग घालवितें. परंतु मळलेला हात धुतला नाहीं तर तो फिरून येतो.

आलेल्या डोळ्यांकडे नुसतें पाहिल्यानें आपलेहि डोळे येतात, ही समजूत अजूनहि घरोघर ऐकूं येते, आणि रोग्यास काळा चष्मा लावून घरांतलीं माणसें निर्धास्त होतात. इकडे टॉवेल एकच असतो, आणि आई एकाच बोटानें साऱ्या मुलांस काजळ घालते. लारेनें दोष उन्हास दिला. येथें तो नजरेस दिला जातो. रोग मात्र तेव्हांहि हातानें जात होता, आणि आजहि हातानेंच जातो.